तापाची परवानगी

खासदाराला ताप आणण्याचा अधिकार अठ्ठावीस वर्षं माझ्याकडे होता. हसू नका, लेखी अधिकार होता. पक्षाध्यक्षांच्या सहीचं पत्र, खाली शिक्का, आणि मधे माझं नाव: श्रीमती कुमुद निखाडे, कार्यालय सचिव, संसदीय पक्ष, नवी दिल्ली.

समजावून सांगते. लोकसभेत महत्त्वाचं मतदान असलं की पक्ष आपल्या खासदारांना आदेश काढतो. पक्षादेश म्हणा, व्हिप म्हणा. मजकुराखाली एक रेघ असली तर जमल्यास या. दोन असल्या तर याच. तीन असल्या तर यायचं, आणि सांगितलेलंच बटण दाबायचं. तीन रेघांचा आदेश मोडला तर खासदारकी जाते. विरोधात मत दिलं तरी जाते आणि घरी झोपून राहिलं तरी जाते. कायद्याने एवढीच फट ठेवली आहे, की पक्षाने आधी लेखी परवानगी दिलेली असली तर जात नाही.

त्या फटीतून आम्ही माणसं बाहेर काढायचो. एखाद्याला एखादं विधेयक गळ्याखाली उतरतच नसे. मतदारसंघात तोंड दाखवायची सोय राहणार नसे, किंवा नुसतंच मनाला पटत नसे. मग तो आदल्या दिवशी माझ्या खोलीत यायचा, चहा घ्यायचा, इकडचं तिकडचं बोलायचा आणि उठता उठता म्हणायचा, "बाई, जरा कणकण वाटतेय." मी त्याच्या तोंडाकडे बघायचे. कणकण आतून आहे की नुसता रुसवा आहे, ते मला कळायचं. आतून वाटली तर परवानगीचा कागद काढायचे, कारणाच्या रकान्यात 'ताप' लिहायचे आणि सही ठोकायचे. पाच वर्षांत एका माणसाला एकच ताप, असा अलिखित नियम होता. मुख्य प्रतोद, म्हणजे हे आदेश काढणारे आमचे पुढारी माथुरसाहेब, त्या कागदाकडे ढुंकूनही बघत नसत. मात्र एकाच विधेयकावर वीस-पंचवीस जणांना ताप आला की मी वर कळवायचे, आणि दुसऱ्या दिवशी ते विधेयक गुपचूप दुरुस्तीला परत जायचं. वर्तमानपत्रांना पत्ता लागत नसे. लोकशाही म्हणतात ती मी तरी बरीचशी याच खोलीत पाहिली.

यादोराव दिघोरे यांना पंधरा वर्षांत एकदाही ताप आला नाही. भंडाऱ्याकडचे, जातीने ढिवर, बापजादे तलावात जाळं टाकणारे. पहिल्यांदा निवडून आले तेव्हा आदेशाचा कागद घेऊन माझ्याकडे आले आणि म्हणाले, "बाई, ह्या तीन रेघा काहून मारल्या? एकीनं समजत नाई का आमाले?" मीही त्यांच्याच जिल्ह्यातली, साकोलीची आहे म्हटल्यावर त्यांचा चेहराच उजळला. तेव्हापासून प्रत्येक अधिवेशनाला येताना सुके झिंगे आणायचे. चार दिवस खोलीला वास यायचा आणि माथुरसाहेब नाकाला रुमाल लावून दारातूनच बोलायचे.

त्यांची एक रीत होती. अधिवेशन संपलं की पहिल्या रविवारी ते आपल्या गावच्या तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, उभे राहायचे. मच्छीमार संस्थांची माणसं खाली बसायची. मग कोणत्या विधेयकावर कोणतं बटण दाबलं, ते यादोराव सभागृहाच्या छापील कागदावरून मोठ्याने वाचून दाखवायचे. लोक 'काहून?' विचारायचे. कधी तास, कधी दोन तास. "शिव्याबी खाल्ल्या," ते मला सांगायचे, "पन तापाचं नाव नाई सांगितलो. पाळीवर खोटं बोललं तं मासोडी लागत नाई जाळ्यात."

मग 'कल' आला.

कल हे यंत्राचं नाव. यंत्र म्हणजे डोळ्यांना दिसण्यासारखं काही नव्हतं. शेजारच्या खोलीत तीन कपाटं आणि डॉ. निमिष परांजपे. निमिष चाळिशीतला, पुण्याचा, अतिशय सभ्य. त्यानेच मला एकदा उलगडून सांगितलं. हवामान खातं उद्याचा एकच अंदाज काढत नाही. आजचे आकडे किंचित इकडेतिकडे करून पन्नास अंदाज काढतं आणि त्यातल्या कितींत पाऊस पडला ते मोजतं. कल हेच माणसांवर करतो. खासदाराने सभागृहात, समितीत, पक्षाच्या फोनवर उच्चारलेला प्रत्येक शब्द, कुठे गप्प बसला, कोणाशेजारी बसला, कोणाच्या भाषणात उठून गेला, हे सगळं त्यात ओतायचं. त्यातून त्या माणसाचं प्रतिरूप तयार होतं. त्याच्यासारखं बोलणारं, त्याच्यासारखं अडणारं. त्याला काही वाटत नाही, पण वाटणारा माणूस काय करील ते प्रतिरूप करून दाखवतं. मग त्याला विधेयक दाखवायचं आणि दहा हजार वेळा विचारायचं. दर वेळी एखादी गोष्ट बदलायची: विचारणारा माणूस, वेळ, शब्द.

"म्हणजे उद्याचं मतदान आज करून बघायचं," मी म्हणाले.

"हो, पण खरी गंमत पुढे आहे मॅडम," निमिष म्हणाला. "तो विरोधात जाणार असेल, तर कशाने वळेल तेही सापडतं. दहा हजारांतून एखादा शब्द लागतोच."

दोन वर्षांत सगळं पालटलं. विधेयकात कडू किती घालायचं ते प्रतिरूपांना पाजून ठरू लागलं. एक चमचा जास्त झालं की ती थुंकायची, मग अर्धा चमचा कमी. आमची बाजू भाषणं करायची ती आता सवयीने. सभागृहात कोण काय बोललं याने कोणाचं मत हललं, असं होण्याची शक्यताच उरली नव्हती. ते आधीच हलवून झालेलं असायचं. विरोधी पक्षांनीही आपापले कल आणले. आणि माझ्या खोलीत कोणी कणकण घेऊन येईना, कारण कणकण वाटायच्या आत निमिषचा माणूस योग्य तो शब्द घेऊन त्याच्या दारात उभा असायचा. प्रतिरूपं बोलतात आणि खासदारांना तोंड दाबून बुक्क्यांचा मार, असं मी एकदा माथुरसाहेबांना म्हणाले. त्यांना म्हण समजली नाही.

त्या हिवाळी अधिवेशनात जलसाठ्यांचं विधेयक आलं. देशातले ठरावीक आकाराहून मोठे सगळे तलाव एका केंद्रीय प्राधिकरणाकडे जायचे आणि त्यांच्या पाण्यावर सौर पत्रे तरंगवायचे. विजेची गरज खोटी नव्हती, उन्हाळे कसे झाले होते ते सगळ्यांना ठाऊक होतं. पण पत्र्यांखाली जाळं टाकता येत नाही. भंडारा-गोंदियातले शेकडो जुने तलाव त्या यादीत होते.

मतदानाच्या आदल्या दिवशी सकाळी निमिषने मला कपाटांच्या खोलीत बोलावलं.

"दिघोरेसाहेब विरोधातलं, लाल बटण दाबणार," तो म्हणाला. "खासदारकी गेली तरी दाबणार. त्यांचं एक मत गेलं तर बिघडत नाही, आपल्याकडे बारा मतांची आघाडी आहे. पण फलकावर त्यांचा लाल दिवा दिसला की आणखी सात जण लाल जातात. त्यांना आज ते माहीतही नाही. आठ मतं तिकडे गेली की विधेयक पडतं."

"मग द्या ना शब्द."

"सापडत नव्हता. काल सापडला." त्याने कळ दाबली.

"नमस्कार बाई," यादोराव म्हणाले.

माझे हात नमस्काराला उठले होते, ते मी खाली घेतले. खोलीत निमिष आणि मी दोघंच होतो. निमिषने ओळीने एकेक प्रयोग ऐकवला. खासदारकी जाईल म्हटल्यावर प्रतिरूप म्हणालं, "जाऊ द्या. जाळं टाकता येते मले अजून." राज्यमंत्रिपद देऊ म्हटल्यावर ते नुसतं हसलं, अगदी यादोरावांचं खोकल्यात शिरणारं हसू. पक्षाध्यक्षांच्या आवाजातली विनवणीही त्याने परतवली. मग माझा आवाज आला, यंत्राने बनवलेला, पण माझाच. एवढंच वाक्य होतं.

"थकले हो, यादोराव."

मग प्रतिरूप म्हणालं, "मंग रायू द्या बाई. दाबतो हिरवं."

"त्र्याण्णव टक्के," निमिष म्हणाला. "दुसऱ्या कोणी म्हटलं तर वीसही नाही. तुम्हीच पाहिजे."

"हे कुठून काढलं?"

त्याने बारा वर्षांपूर्वीचं एक भाषण समोर ठेवलं. शून्य प्रहरात, रिकाम्या सभागृहात यादोराव ग्रामीण बायकांच्या आरोग्यावर दोन मिनिटं बोलले होते. त्यांची बायको अंजिराबाई जन्मभर राबली, कधी कशाची तक्रार केली नाही. एकदाच म्हणाली, थकली मी. यादोराव 'आराम कर' म्हणून अधिवेशनाला निघून आले. आठव्या दिवशी तिला पोचवायला परत जावं लागलं. "तवापासून कोनी बाई थकली म्हनली तं माह्या पायातलं बळ जाते, अध्यक्ष महोदय." त्या दिवशी मी अधिकाऱ्यांच्या गॅलरीत असणार, पण मला ते आठवत नव्हतं. ते ऐकून लक्षात ठेवलं फक्त यंत्राने.

"खोटं बोलायचं नाहीये मॅडम तुम्हाला," निमिष हळूच म्हणाला. "थकलेल्या आहातच की."

मी बघते म्हणाले आणि खोलीत येऊन दार लावून घेतलं. राग आला होता, पण तो करण्याइतकीही ताकद नव्हती. मार्चमध्ये निवृत्त व्हायचं होतं. चार महिने मान खाली घालून काढले असते तर कोणी नाव घेतलं नसतं.

मी खालचा खण उघडला. परवानगीचे कागद पिवळे पडले होते, पण मला अधिकार देणारं पत्र कोणी मागे घेतलेलं नव्हतं. कलच्या धांदलीत म्हातारीच्या खणात काय आहे ते कोण बघतो? आणि एक गोष्ट अठ्ठावीस वर्षांत मी कधी वापरली नव्हती. परवानगी फक्त घरी बसायची नसते. कायद्यात विरोधी मताचीही परवानगी आहे. पण कोणता पक्ष आपल्याच माणसाला ती देईल? मी दिली. 'उपरोक्त विधेयकावर पक्षादेशाविरुद्ध मतदान करण्यास अनुमती आहे,' असं स्वच्छ अक्षरात लिहून सही केली.

दुपारी यादोराव आले. हातात वर्तमानपत्रात गुंडाळलेले झिंगे.

"बाई, मी लाल दाबतो उद्या," त्यांनी बसल्याबसल्याच सांगून टाकलं. "बिल पास होतेच, मले मालूम आहे. खासदारकीबी जाते. पन पाळीवर उभं रायून हिरवं वाचता येत नाई मले. थ्या पान्यानं पोसलं आमाले."

मी कागद पुढे केला. त्यांनी चष्मा लावून दोनदा वाचला.

"म्हंजे लाल दाबलं तरी खासदारकी जात नाई?"

"नाही जात. मतदानाच्या आधीची तारीख आहे, सही आहे. कोर्टातही टिकेल."

"आन तुमचं?"

"माझं काय! मार्चमध्ये चाललेच आहे."

"मार्चच्या आदीच काढतीन तुमाले. पेपरात नाव छापतीन."

"छापू द्या. एकदा तरी छापून येऊ दे."

ते हसले, तेच खोकल्यात शिरणारं हसू, आणि मला सकाळचं प्रतिरूप आठवलं. सात जणांची गोष्ट मी त्यांना सांगितली नाही. सांगितली असती तर तेही एक वजनच झालं असतं, यंत्राच्या पारड्यात नाही तर माझ्या. आपल्या मनाने जाऊ दे माणसाला, असं मी ठरवलं होतं. आणि तासभर मी जपून बोलत होते. प्रकृतीचा विषय निघाला की पाण्यावर नेत होते, पाण्यावरून माशांवर. ते वाक्य जवळपासही येऊ दिलं नाही.

चहा झाला. कागदाची घडी खिशात घालून ते उठले. दाराशी गेले, थांबले, मागे वळून माझ्याकडे नीट बघितलं.

"बाई, तुमी जेवता का येळेवर? तोंड केवढंसं झालं तुमचं."

अठ्ठावीस वर्षांत त्या खोलीत हजारो माणसं आली आणि आपापली कणकण सांगून गेली. मी जेवले का, असं विचारणारा हा एकटा. मी म्हणाले,

"थकले हो, यादोराव."

म्हटलं आणि कानावर आलं. शब्दन् शब्द तोच, तो 'हो' सुद्धा. यादोराव दाराची कडी धरून उभे राहिले. त्यांच्या चेहऱ्यावरून काहीतरी सरकत गेलं.

"तसं नाही," मी घाईने म्हणाले. "सहज बोलले. तुम्ही लाल दाबा. ऐकलंत? लालच दाबायचं."

"हाव," ते म्हणाले आणि गेले.

मागे धावून सांगायला हवं होतं की हे वाक्य यंत्राने शोधलेलं आहे. मी उठलेही होते. पण काय सांगणार? की माझ्या तोंडून हेच वदवून घ्यायचं ठरलं होतं? मग पंधरा वर्षांतला माझा कोणता शब्द त्यांना खरा वाटला असता? अंजिराबाईंचं मरण त्या कपाटांत आकडा होऊन बसलंय, हे कोणत्या तोंडाने सांगायचं? आणि वाक्य तर खरंच होतं. मी खाली बसले. त्या बसण्याबद्दल मी स्वतःला अजून माफ केलेलं नाही.

दुसऱ्या दिवशी मी खोलीतल्या पडद्यावर मतदान पाहिलं. घंटा वाजली, दारं बंद झाली, फलकावर दिवे लागत गेले. यादोरावांचा क्रमांक मला पाठ होता. तिथे हिरवा लागला. मग त्या सात जणांचेही, एकामागून एक. बारा मतांनी विधेयक मंजूर झालं. निमिष दारात येऊन म्हणाला, "थँक यू मॅडम, मला वाटलं होतं तुम्ही बोलणार नाही."

तासाभराने यादोराव आले. खिशातून घडी काढून त्यांनी माझ्या टेबलावर ठेवली आणि तळहाताने सरळ केली.

"रायू द्या बाई," ते म्हणाले.

"का?" मी विचारलं. "कागद दिला होता ना मी?"

"तुमची सही होती त्याच्यावर. कागद लपवला असता तं तुमीच पुढं येऊन सांगितलं असतं. दाबाले गेलो लाल, तं तुमचं तोंड आठवलं. थकल्या म्हनल्या तुमी." ते खुर्चीवर टेकले. "एका बाईले आराम कर म्हनून एकडाव निघून आलो होतो. दुसऱ्यांदा नाई जमलं. थकलेल्या मानसाले पेपरात उभं करून मी पाळीवर कोन्या तोंडानं मोठा होऊ?"

"मी तुमच्याकडे काही मागितलं नव्हतं, यादोराव."

"हाव. पंदरा वर्सात कदीच नाई मांगितलं. म्हनूनच."

मला रडू आलं. त्यांनी ते पाहिलं, आणि थकव्याचंच समजून पाण्याचा पेला पुढे सरकवला. मी घेतला. बाहेर पत्रकारांना माथुरसाहेब पक्षाच्या एकजुटीबद्दल सांगत होते, ते इथपर्यंत ऐकू येत होतं.

"रविवारी पाळीवर सभा आहे," यादोराव शेवटी म्हणाले. "लोक जमतीन." मग त्यांनी कपाळावरून हात फिरवला. "बाई, मले थोडा ताप देता का? नाई गेलो कदी मांगाले. आठ दिस पुरे."

"मतदान तर झालं," मी म्हणाले. "आता परवानगी कशाची?"

"मालूम आहे मले. गावाले पाठवाले पायजे फक्त."

मी खण उघडला. एक कोरा कागद काढून त्यांचं नाव लिहिलं, तारीख घातली, कारणाच्या रकान्यात 'ताप' लिहिलं आणि सही केली. त्यांनी तो न वाचताच खिशात ठेवला. जाताना दाराशी थांबून म्हणाले, "आराम करा बाई," आणि मी मान हलवली.